उडता झाडू आणि सोनेरी चेंडू

जादूच्या वस्तू आपल्याला नव्या नाहीत. पुष्पक विमानात कितीही माणसे बसली तरी एक जागा रिकामी राहतेच, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. अरबी कथांतील गालिचा नुसत्या आज्ञेने उडतो. दिवा घासला की राक्षस हात जोडून उभा राहतो. पण विमानाची डागडुजी कोण करतो, गालिचा विटला तर काय होते किंवा दिव्याची नवी सुधारित आवृत्ती कधी बाजारात आली, असे प्रश्न या कथा आपल्याला पडू देत नाहीत. तेथील जादू पूर्ण असते. ती घडवावी किंवा सुधारावी लागत नाही.

इंग्रज लेखिका जे. के. रोलिंग यांनी ‘हॅरी पॉटर’ या कादंबरीमालेत ‘क्विडिच’ नावाचा एक काल्पनिक खेळ निर्माण केला. मालेतील पहिली कादंबरी १९९७ साली प्रसिद्ध झाली. या खेळाची साधने जादूची आहेत. परंतु ती झिजतात, मोडतात, बिघडवली जातात, विकत घ्यावी लागतात आणि पिढ्यान्‌पिढ्या सुधारत जातात. अद्भुत वस्तू वाचकाला खरी कशामुळे वाटते, हे समजून घेण्यासाठी क्विडिचच्या साहित्याकडे पाहणे उपयोगी ठरते.

प्रथम खेळ थोडक्यात समजावून घेऊ. दोन संघ, प्रत्येकी सात खेळाडू. सर्वजण झाडूवर बसून हवेत उडत खेळतात. मैदानाच्या दोन्ही टोकांना उंच खांबांवर तीन-तीन कडी असतात. तीन ‘चेसर’ मोठा लाल चेंडू एकमेकांकडे फेकत प्रतिपक्षाच्या कड्यातून पार करतात. प्रत्येक गोलाला दहा गुण मिळतात. एक ‘कीपर’ कड्यांचे रक्षण करतो. दोन ‘बीटर’ हातात दांडके घेऊन आपल्या खेळाडूंना उडत्या लोखंडी गोळ्यांपासून वाचवतात. सातवा खेळाडू म्हणजे ‘सीकर’. त्याचे काम एकच, अक्रोडाएवढा सोनेरी चेंडू शोधून पकडणे. तो पकडला गेला की सामना संपतो आणि पकडणाऱ्या संघाला १५० गुण मिळतात.

मूळ कादंबऱ्यांत या साधनांचे वर्णन प्रसंगानुसार तुकड्यातुकड्यांनी येते. २००१ साली रोलिंग यांनी ‘क्विडिच थ्रू द एजेस’ हे छोटेखानी पुस्तक लिहिले. कथेतील शाळेच्या ग्रंथालयातले ते एक पुस्तक आहे, अशी कल्पना करून त्यावर केनिलवर्दी व्हिस्प या काल्पनिक लेखकाचे नाव घातले आणि त्याचे उत्पन्न ‘कॉमिक रिलीफ’ या धर्मादाय संस्थेला दिले. न घडलेल्या गोष्टींचा हा इतिहास सनावळ्यांसह आणि गंभीर चेहऱ्याने सांगितलेला आहे. साधनांविषयी पुढे जी वर्षे व नावे येतात, ती या काल्पनिक इतिहासातील आहेत हे विद्यार्थ्यांनी ध्यानात ठेवावे.

लाल चेंडूला ‘क्वाफल’ म्हणतात. त्याचा व्यास बारा इंच. वरवर पाहता हे सर्वांत साधे साधन होय. पण बारा इंचांचा चेंडू एका हाताने पकडायचा आणि दुसऱ्या हाताने उडता झाडू सांभाळायचा, हे जमावे कसे? जुन्या काळी या कातडी चेंडूला पकडण्यासाठी पट्टा लावलेला असे किंवा बोटांसाठी छिद्रे पाडलेली असत. पुढे १८७५ मध्ये पकड घट्ट राहील असा मंत्र सापडला आणि पट्टाही गेला, छिद्रेही गेली. त्याच्याही आधी, १७११ च्या हिवाळ्यात, आणखी एक अडचण दूर झाली होती. पावसात खाली पडलेला मातकट चेंडू चिखलात दिसेनासा होई, म्हणून त्याला लाल रंग देण्यात आला. तरीही झेल सुटला की खेळाडूला चेंडूमागे थेट जमिनीपर्यंत सूर मारावा लागे. तेव्हा डेझी पेनिफोल्ड नावाच्या जादूगारिणीने चेंडूवर असा मंत्र घातला की, हातून निसटल्यावर तो पाण्यात बुडावा तसा सावकाश खाली येतो. या तपशिलात लेखिकेची पद्धत स्पष्ट दिसते. चेंडू स्वतःहून कड्यात जाईल असा मंत्र कुणी घालत नाही. तसे झाले तर खेळच उरणार नाही. जादू अडचण दूर करते, कौशल्य मात्र खेळाडूकडेच ठेवते.

‘ब्लजर’ हे लोखंडी गोळे दोन असतात आणि त्यांचा व्यास दहा इंच असतो. त्यांना स्वतःची गती असते. ते जवळ दिसेल त्या खेळाडूवर धावून जातात. कुणाचा संघ कोणता हे त्यांना कळत नाही. त्यांचा इतिहास मोठा गमतीचा आहे. प्रारंभी हे गोळे म्हणजे मंतरलेले दगड असत. बीटरने मंत्राने बळकट केलेल्या दांडक्याचा जोरदार फटका मारला की दगडाचा चुरा होई. पण मंत्र काही उतरत नसे. परिणामी उरलेला सामनाभर सर्व खेळाडूंच्या मागे खडीचा थवा लागे! मग धातूचे गोळे आले. शिसे मऊ पडल्यामुळे त्याला पोचे पडत. पोचा पडलेला गोळा सरळ उडत नसे. अखेर लोखंड स्थिरावले. एखाद्या गावच्या लोहाराने सांगावी तशी ही कथा आहे. दगड, शिसे, लोखंड ही सामग्री आपल्या ओळखीची असल्यामुळे तिच्यावर चढवलेला मंत्रही ओळखीचा वाटू लागतो.

आता सोनेरी चेंडूकडे वळू. त्याचे नाव ‘गोल्डन स्निच’. त्याला रुपेरी पंख असतात, तो विलक्षण वेगाने दिशा बदलतो आणि मैदानाची सीमा ओलांडत नाही. या साधनाच्या मुळाशी मात्र एक जिवंत पक्षी आहे.

त्या पक्ष्याचे नाव ‘गोल्डन स्निजेट’. तो इवलासा, अगदी गोल, लांब चोचीचा असून त्याचे डोळे माणकासारखे लाल असतात. त्याचे पंख खांद्याशी सर्व बाजूंनी फिरू शकत असल्यामुळे उडता उडता तो क्षणात वळतो. त्याला पकडणे कठीण. म्हणूनच त्याची शिकार हा जादूगारांचा आवडता खेळ झाला होता. १२६९ साली जादूगारांच्या मंडळाचा प्रमुख बार्बेरस ब्रॅग हा क्विडिचच्या एका सामन्याला पिंजऱ्यात एक स्निजेट घेऊन आला आणि सामन्यादरम्यान जो खेळाडू तो पकडील त्याला १५० गॅलियन देण्याचे त्याने जाहीर केले. गॅलियन हे जादूगारांचे सोन्याचे नाणे. खेळाडू खेळ विसरून पक्ष्यामागे धावले. पक्षी पळून जाऊ नये म्हणून प्रेक्षकांनीही मंत्र टाकून त्याला मैदानात अडवून धरले. त्या गर्दीत मॉडेस्टी रॅबनॉट नावाची एक स्त्री होती. हा प्रकार तिला पाहवेना. तिने मंत्राने तो पक्षी आपल्याकडे ओढून घेतला, वस्त्रात लपवला आणि मैदानातून पळ काढला. पक्षी वाचला, तिला मात्र दंड झाला आणि तिचे घर गेले.

एका स्त्रीने एक पक्षी वाचवल्याने प्रथा थांबली नाही. ब्रॅगच्या खेळीची चटक लागली होती. प्रत्येक सामन्यात एक स्निजेट सोडला जाऊ लागला आणि प्रत्येक संघात त्याच्यामागे धावणारा एक जास्तीचा खेळाडू आला. त्याला तेव्हा ‘शिकारी’ म्हणत. पक्षी मारला गेला की सामना संपे आणि ब्रॅगच्या बक्षिसाची आठवण म्हणून १५० गुण मिळत. चौदाव्या शतकाच्या मध्यापर्यंत स्निजेट इतके कमी झाले की त्यांना संरक्षण द्यावे लागले. तेव्हा बोमन राइट नावाच्या कारागिराने धातूचा एक गोळा बनवला. तो वजनाने नेमका स्निजेटएवढा, पंख त्याच्याप्रमाणेच सर्व बाजूंनी फिरणारे आणि मैदानाची सीमा न ओलांडण्याचा मंत्र त्याच्यावर घातलेला. पक्षी सुटला, खेळ टिकला. स्निच पकडल्यावर मिळणारे गुण इतके भरमसाट का, असा प्रश्न वाचकांना नेहमी पडतो. एका गर्विष्ठ अधिकाऱ्याने लावलेली ती पैज होय. पक्षी गेला तरी आकडा राहिला.

हा भाग केवळ कल्पनाविलास नव्हे. इंग्लंडच्या क्रीडा-इतिहासाशी तो चांगलाच जुळतो. एकोणिसाव्या शतकात तेथे पिंजऱ्यातून जिवंत कबूतर सोडून त्यावर नेम धरण्याचा खेळ प्रतिष्ठित समजला जाई. १९०० साली पॅरिस येथे ऑलिम्पिकच्या निमित्ताने झालेल्या स्पर्धांतही जिवंत कबुतरांवर नेमबाजी झाली. पुढे पक्ष्याच्या जागी पिसे भरलेले काचेचे गोळे आणि मग मातीच्या चकत्या आल्या. ब्रिटनमध्ये १९२१ साली कायद्याने बंदिस्त पक्षी सोडून त्यांना मारण्यास मनाई करण्यात आली. तरीही इंग्रजीत त्या चकतीला अद्याप ‘मातीचे कबूतर’च म्हणतात आणि ज्या सापळ्यातून कबूतर सोडत, त्याचेच ‘ट्रॅप’ हे नाव या नेमबाजीला चिकटून राहिले आहे. २००४ च्या अथेन्स ऑलिम्पिकमध्ये राज्यवर्धनसिंह राठोड यांनी ज्यात रौप्यपदक मिळवले, तो ‘डबल ट्रॅप’ हा याच कुळातील क्रीडाप्रकार. त्या नावातील सापळा कुणासाठी होता, याचा विचार पदकाच्या आनंदात कुणाच्या मनात येणार? स्निचचा पूर्वेतिहास सांगून रोलिंग नेमके हेच करतात. चकचकीत साधनामागे लपलेला पक्षी त्या दाखवून देतात.

चेंडूंनंतर उरतो तो झाडू. युरोपात चेटकिणीचे वाहन म्हणून झाडूची कल्पना शतकानुशतके रूढ आहे. मराठी घरात मात्र केरसुणी ही लक्ष्मी. दिवाळीत लक्ष्मीपूजनाच्या दिवशी तिला हळदकुंकू वाहतात आणि एरवी तिला पाय लागला तर नमस्कार करतात. तिच्यावर टांग टाकून बसायचे हा विचारच आपल्याला प्रथम विचित्र वाटतो. शिवाय आपली केरसुणी आखूड. लांब दांड्याचा झाडू डोळ्यांपुढे आणला तरच हे चित्र जुळते. पण तो लांब दांडाही काही सुखाचे आसन नव्हे, आणि काल्पनिक इतिहासही हे मोकळेपणाने मान्य करतो. तेथील आरंभीचे जादूगार झाडूवरून उतरताना वेदनेने कळवळत. १८२० साली एलियट स्मेथविक याने दांड्यावर अदृश्य गादी निर्माण करणारा मंत्र शोधला, तेव्हा कोठे लांबचा प्रवास सुसह्य झाला.

त्यानंतरचा झाडूचा इतिहास आपल्याला मोटारींच्या किंवा दुचाकींच्या इतिहासासारखा भासतो. पूर्वी एकेक कारागीर एकेक झाडू घडवी. १९२६ मध्ये तीन भावांनी खास खेळासाठी ‘क्लीनस्वीप’ हा झाडू मोठ्या संख्येने बनवण्यास प्रारंभ केला. १९२९ मध्ये प्रतिस्पर्धी ‘कॉमेट’ बाजारात आला. त्यात वेग आवरण्याचा मंत्र होता, म्हणजे ब्रेकच म्हणा. १९६७ मध्ये आलेल्या ‘निम्बस १०००’ ने ताशी शंभर मैलांचा वेग गाठला. हॅरीच्या शाळकरी वयात ‘फायरबोल्ट’ हा झाडू आला. तो दहा सेकंदांत ताशी दीडशे मैल, म्हणजे सुमारे २४० किलोमीटर वेग घेतो.

जेथे कारखाना आणि बाजार आला तेथे श्रीमंती-गरिबीही आली. मालेतील दुसऱ्या कादंबरीत (१९९८) एक प्रसंग आहे. ड्रेको मालफॉय या मुलाचे धनाढ्य वडील त्याच्या संघातील सातही खेळाडूंना सर्वांत नवे ‘निम्बस २००१’ झाडू देतात आणि ड्रेकोची सीकर म्हणून निवड होते. हर्मायनी ही हुशार मुलगी त्याला तोंडावर सांगते की, आमच्या संघात कुणाला पैशाने प्रवेश मिळालेला नाही. हे वाक्य ड्रेकोला इतके झोंबते की तो तिला तिच्या जन्मावरून शिवी देतो. झाडूवरून सुरू झालेली बाचाबाची अशी कुळाच्या उच्चनीचतेवर येऊन ठेपते. हर्मायनीचा मित्र रॉन हा मोठ्या आणि गरीब कुटुंबातला. त्याच्या वाट्याला जुना, रखडत चालणारा झाडू आलेला. हॅरीकडे ‘निम्बस २०००’ आहे खरा, पण तोही भेट मिळालेला. म्हणजे साधनांच्या बाबतीत नायकही अगदी निष्पाप नाही. लेखिकेने हे झाकून ठेवलेले नाही, ही मला तिची मोठी प्रामाणिक बाजू वाटते. पुढे सामना होतो, तेव्हा सात नवे झाडू असलेला संघ हरतो. समोरच स्निच उडत असताना ड्रेकोचे लक्ष हॅरीला चिडवण्यात गुंतलेले असते.

प्रत्यक्ष क्रीडाजगतातही हा प्रश्न उभा राहिला आहे. २००८-०९ मध्ये जलतरणपटूंसाठी पॉलियुरेथेन वापरलेले, अंगभर घट्ट बसणारे पोशाख आले. २००९ च्या रोम येथील जागतिक स्पर्धेत ४३ विश्वविक्रम मोडले गेले. पोहणारा जिंकला की पोशाख, हे सांगणे अवघड झाले. १ जानेवारी २०१० पासून त्या पोशाखांवर बंदी आली. क्विडिचच्या जगात मात्र अशी बंदी कुणी घालत नाही. ज्याला परवडेल त्याने वेगवान झाडू घ्यावा, हाच तेथील रिवाज.

साधन जितके समर्थ, तितके ते बिघडवण्याचा मोहही मोठा. हॅरीच्या पहिल्याच सामन्यात त्याचा झाडू अचानक उधळतो, कारण प्रेक्षकांतून कुणीतरी त्यावर मंत्र टाकत असतो. दुसऱ्या कादंबरीत एक ब्लजर बाकी सगळे सोडून केवळ हॅरीचाच पाठलाग करतो आणि त्याचा हात मोडतो. हॅरीने जायबंदी होऊन सुरक्षितपणे घरी जावे म्हणून त्याच्या एका हितचिंतकानेच तो गोळा मंतरलेला असतो! तिसऱ्या कादंबरीतील (१९९९) प्रसंग याहून बारकाईने वाचण्यासारखा आहे. जुना झाडू मोडल्यावर नाताळच्या दिवशी हॅरीला एक फायरबोल्ट भेट येतो. सोबत पाठवणाऱ्याचे नाव नाही. हॅरी आणि रॉन हरखून जातात. हर्मायनीला मात्र शंका येते आणि ती शिक्षिकेला सांगते. प्राध्यापिका मॅकगोनॅगल झाडू ताब्यात घेतात. त्यावर वाईट मंत्र आहे का हे पाहण्यासाठी त्याची तपासणी सुरू होते. दोघे मित्र तिच्याशी कित्येक दिवस बोलत नाहीत. शेवटी झाडू निर्दोष निघतो. तो हॅरीवर माया करणाऱ्या माणसानेच पाठवलेला असतो. तर मग हर्मायनी चुकली का? ज्या खेळात झाडूने एकदा प्राण घेण्याचा प्रयत्न केला आहे, तेथे निनावी झाडू तपासून घेण्याचा आग्रह धरणारी मैत्रीण चुकली असे म्हणणे जड जाते.

स्निचचा आणखी एक गुण अखेरच्या कादंबरीत (२००७) कळतो. दोन्ही सीकरांचे हात एकाच वेळी त्याला लागले, तर आधी कोणाचा लागला हे ठरवायचे कसे? यासाठी स्निचला पहिल्या स्पर्शाची आठवण राहते. म्हणूनच तो घडवणारा कारागीरही हातमोजे घालूनच काम करतो आणि सामन्यापूर्वी त्याला उघड्या हाताने कुणी स्पर्श करत नाही. वाद मिटवण्यासाठी केलेली ही सोय कथेत फार मोलाची ठरते. मुख्याध्यापक डम्बलडोर मृत्युपत्राद्वारे हॅरीला त्याने पहिल्या सामन्यात पकडलेला स्निच ठेवून जातात. हॅरी तो हातात घेतो, पण काहीच घडत नाही. मग त्याला आठवते की, त्या दिवशी आपण स्निच हाताने पकडलाच नव्हता; तो तोंडात गेला होता, जवळजवळ गिळलाच होता. तो स्निच ओठांना लावतो आणि त्यावर अक्षरे उमटतात. पहिल्या कादंबरीतील एक विनोदी अपघात दहा वर्षांनी असा कामी येतो.

या साधनांची गोष्ट पुस्तकात संपत नाही. २००५ साली अमेरिकेतील व्हर्मांट राज्यात मिडलबरी महाविद्यालयाच्या विद्यार्थ्यांनी क्विडिच जमिनीवर खेळण्यास सुरुवात केली. उडता येत नव्हते आणि मंत्रही नव्हते. म्हणून प्रत्येक जादूला पर्याय शोधावा लागला. क्वाफलच्या जागी व्हॉलीबॉल आला आणि पकड घट्ट करण्याच्या मंत्राऐवजी त्यातील थोडी हवा काढून टाकण्यात आली, म्हणजे तो एका हातात मावतो. ब्लजर म्हणून मऊ रबरी चेंडू घेतले. ज्याला तो लागेल त्याने झाडूवरून ‘उतरायचे’ आणि आपल्या कड्यांना हात लावून पुन्हा खेळात यायचे. झाडू आरंभी खरेखुरे होते. पुढे त्यांच्या जागी प्लास्टिकच्या नळ्या आल्या. खेळाडू ती नळी दोन्ही पायांत धरूनच धावतो, झेलतो, फेकतो. पुस्तकातला झाडू खेळाडूला वेग देतो. ही नळी त्याचा वेग कमी करते, आणि तोही सर्वांचा सारखाच.

हा खेळ अनेक देशांत पसरला, त्याच्या जागतिक स्पर्धा होऊ लागल्या. क्विडिच या नावाचे व्यापारी हक्क चित्रपट कंपनीकडे असल्यामुळे, तसेच लेखिकेच्या काही जाहीर मतांपासून दूर राहण्यासाठी, २०२२ मध्ये संघटनांनी त्याचे नाव बदलून ‘क्वाडबॉल’ केले. १५० गुणांचा तो जुना आकडाही खेळणाऱ्यांना गैरसोयीचा वाटला. तो पार खाली आणण्यात आला.

स्निचचे काय करावे, हा प्रश्न विद्यार्थ्यांपुढे सर्वांत अवघड होता. स्वतः उडणारा, हुलकावणी देणारा चेंडू आणायचा कोठून? त्यांनी एक चपळ धावपटू निवडला. टेनिसचा चेंडू एका मोज्यात घालून तो त्याच्या कमरेला मागे शेपटीसारखा अडकवला. हा धावपटू कोणत्याच संघाचा नसतो. सुरुवातीच्या वर्षांत तो मैदान सोडून महाविद्यालयाच्या आवारात कोठेही पळत सुटे आणि दोन्ही सीकर त्याच्यामागे धावत. आता त्याला मैदानातच राहावे लागते, पण सीकरांना चुकवण्याची, ढकलण्याची, त्यांच्याशी झोंबी घेण्याची त्याला मुभा असते. पक्ष्याच्या जागी धातू आला होता. धातूच्या जागी पुन्हा एक जिवंत जीव आला आहे. मात्र हा स्वतःच्या इच्छेने मैदानात उतरतो आणि सामना संपल्यावर दोन्ही संघांशी हस्तांदोलन करून घरी जातो.